नवी फरशी बसली आणि स्टीलचं दार घासायला लागलं?

आधी बिजागऱ्या तपासा. दार फक्त कडीच्या बाजूला घासत असेल तर बहुतेक वेळा बिजागरीचे स्क्रू ढिले झालेले असतात. ते आवळले की भागतं. पूर्ण रुंदीत घासत असेल तरच कापा, आणि तेही खालूनच.

दोन पत्रे आणि मध्ये कागदी जाळी असलेल्या तयार दारात खालची कड यू चॅनेलने, म्हणजे इंग्रजी U च्या आकाराच्या पत्र्याच्या पट्टीने, बंद केलेली असते. कुलुपाचा दांडा खाली उतरत असेल तर तो आधी काढा, नंतर दार जेवढं कापलं तेवढाच आखूड करा.

फरशीच्या सर्वात उंच जागेपासून ६ मिमी फट धरून रेघ मारा. दार उतरवून आडवं ठेवा, रेघेवर मास्किंग टेप लावा. ४ इंची ग्राइंडरला १ मिमीचं कटिंग व्हील लावून एका बाजूचा पत्रा कापा, दार उलटा, मग दुसरा. एका दमात खोल जाऊ नका: पत्रा तापून लहरतो, आतला कागद ठिणगीने धुमसू लागतो. पाण्याची बादली जवळ हवी. गॉगल तर हवाच. ठिणग्या फरशीवर पडू देऊ नका, लोखंडाचे कण चिकटून गंजाचे डाग पडतात.

कापल्यावर खालची कड उघडी पडते, ती पुन्हा बंद करायला जाळी चॅनेलच्या उंचीएवढी खरवडा, चॅनेल आत सरकवा, दोन्ही बाजूंनी दर १५० मिमीवर ४ मिमीचे रिव्हेट मारा. वेल्डिंग टाळा, गॅल्व्हनाइज्ड (जस्ताचा थर दिलेल्या) पत्र्याचा धूर विषारी असतो.

कापलेली कड उघडी राहिली तर पहिल्याच पावसाळ्यात गंज धरते. कानस मारा, झिंक प्रायमरचे दोन हात द्या, मग रंग. चॅनेलला पाणी निथळायला दोन भोकं ठेवा.