टोमॅटोच्या रसातले चिकन आणि भाज्या : या चुका टाळा

आपल्याकडे ‘टोमॅटो सॉस’ म्हटले की वडा-सँडविचबरोबर येणारी लाल बाटली डोळ्यांपुढे उभी राहते, आणि या पदार्थातली पहिली चूक या नावापासूनच सुरू होते. बाटलीतल्या सॉसमध्ये, म्हणजे केचपमध्ये, टोमॅटोबरोबर बरीच साखर आणि व्हिनेगर असते. तो तोंडी लावण्यासाठी केलेला असतो, शिजवण्यासाठी नाही. कढईत त्याची अर्धी वाटी ओतली की साखर तळाला धरते, चिकनला गोडूस चव येते आणि ती कशानेही झाकली जात नाही. येथे सॉस म्हणजे तेलात कांदा-लसूण परतून त्यात ताजे टोमॅटो आटवून केलेला दाट रस. चार माणसांसाठी अर्धा किलो चिकन, अर्धा किलो टोमॅटो, दोन मध्यम कांदे, एक गाजर, मूठभर श्रावण घेवडा, एक ढोबळी मिरची, सहा-सात लसणीच्या पाकळ्या आणि तीन मोठे चमचे तेल एवढे साहित्य पुरते.

साहित्य थोडे आणि ओळखीचे असल्यामुळे बहुतेक जण सगळे एकत्र घालून झाकण ठेवतात. मीही कोथरूडच्या घरी सहा पाहुण्यांसाठी पहिल्यांदा हा पदार्थ केला तेव्हा तसेच केले होते. पाऊण तास शिजवूनही गाजर आणि घेवडा दाताखाली करकरत होते, आणि ते शिजावेत म्हणून मी कढई आचेवर ठेवत गेल्यामुळे चिकनच्या तुकड्यांचे दोरे सुटले होते. त्या रात्री मी भाजी निबर असल्याचा निष्कर्ष काढला. भाजी चांगली कोवळी होती. मी टोमॅटो फार लवकर घातला होता, हे मला बऱ्याच दिवसांनी उमगले.

टोमॅटो केव्हा घालावा

आमटीत चिंच किंवा आमसूल डाळ शिजल्यावरच घालायचे, आधी घातले तर डाळ शिजत नाही, हे आपल्या घराघरांत माहीत असते. टोमॅटोच्या बाबतीत मात्र हीच गोष्ट आपण विसरतो, कारण टोमॅटोला आपण आंबट पदार्थ न मानता भाजी मानतो. टोमॅटोचा सामू साधारण ४.२ ते ४.६ असतो, म्हणजे तो चांगलाच आम्लधर्मी असतो. भाजीच्या पेशींना एकमेकींशी धरून ठेवणारा पेक्टिन नावाचा घटक साध्या पाण्यात शिजताना हळूहळू सुटतो आणि भाजी मऊ होते. आम्लात तो सुटायला फार वेळ लागतो. त्यामुळे गाजर, बटाटा, घेवडा, फ्लॉवर यांसारख्या घट्ट भाज्या कच्च्याच टोमॅटोच्या रसात घातल्या तर अर्ध्या-पाऊण तासानंतरही त्यांचा कणा तसाच राहतो.

यावरचा उपाय सोपा आहे. गाजर आणि घेवडा मीठ घातलेल्या उकळत्या पाण्यात सहा-सात मिनिटे शिजवून घ्यावा, किंवा थोड्या तेलात परतून, पाण्याचा हबका मारून, झाकण ठेवून वाफवावा. सुरीचे टोक सहज आत गेले पाहिजे, पण तुकडा मोडता कामा नये. बटाटा घालायचा असेल तर तो याहून जास्त, म्हणजे जवळजवळ पूर्ण शिजवूनच घालावा, कारण रसात गेल्यावर तो फारसा मऊ होणार नाही. पुणे समुद्रसपाटीपासून सुमारे ५६० मीटर उंचीवर असल्याने येथे पाणी साधारण ९८ अंश सेल्सिअसला उकळते. हा फरक लहान आहे, पण परगावच्या पाककृतीत लिहिलेल्या मिनिटांवर विसंबण्यापेक्षा सुरीने तपासणे बरे, याला तेही एक कारण आहे.

ढोबळी मिरचीचे याच्या उलट आहे. तिला थोडा करकरीतपणाच शोभतो, म्हणून ती शेवटच्या पाच मिनिटांत घालावी. पहिल्यापासून शिजवली तर तिची साल सुटून रसात तरंगते आणि साऱ्या पदार्थाला तिचाच उग्र वास लागतो. मटार आणि मशरूम यांनाही वेगळे शिजवण्याची गरज नसते, परंतु मशरूमला पाणी सुटते, त्यामुळे ते आधी मोठ्या आचेवर परतून कोरडे करून घेतले तर रस पातळ होत नाही.

जे गाजराचे तेच कांद्याचे. कांदा गुलाबी होण्याआधीच टोमॅटो घातला की कांद्याच्या फोडी शेवटपर्यंत तशाच कडक राहतात आणि रस एकजीव होत नाही. घाई होते ती बहुतेक वेळा इथेच. कांदा बारीक चिरून, चिमूटभर मीठ घालून, मंद ते मध्यम आचेवर निदान दहा-बारा मिनिटे परतावा. तो पारदर्शक होऊन कडेने सोनेरी दिसू लागला की मगच लसूण घालावी. लसूण कांद्याबरोबर पहिल्यापासून घातली तर ती करपते आणि करपलेल्या लसणीचा कडूपणा नंतर जात नाही. कांदा नीट परतला की त्याचा गोडवा टोमॅटोचा आंबटपणा सावरून घेतो, आणि बाहेरून साखर घालण्याची वेळ सहसा येत नाही.

टोमॅटो कोणता आणि कसा

मंडईत साधारणपणे दोन प्रकारचे टोमॅटो दिसतात. एक लांबट, जाड सालीचा, गर जास्त आणि रस कमी असलेला. दुसरा गोल, पातळ सालीचा, रसाळ आणि अधिक आंबट. नुसता लांबट घेतला तर रस दाट होतो, पण चव सपाट लागते. नुसता गोल घेतला तर चव येते, पण आटवायला दुप्पट वेळ लागतो. दोन भाग लांबट आणि एक भाग गोल असे प्रमाण मला सर्वांत समाधानकारक वाटते. पुणे जिल्ह्यात नारायणगावसारखी टोमॅटोसाठी प्रसिद्ध असलेली बाजारपेठ असताना आपण पिवळट, अर्धे कच्चे टोमॅटो पिशवीत टाकून यावेत याचे मला खरोखर वाईट वाटते. फळ देठाकडेही लाल झालेले असावे आणि बोटाने दाबल्यावर किंचित दबावे. आणलेले टोमॅटो पिकेपर्यंत फ्रिजमध्ये ठेवू नयेत, कारण थंडाव्यात त्यांचे पिकणे थांबते आणि वासही उणावतो. ओट्यावरच्या टोपलीत ते दोन-तीन दिवस चांगले राहतात.

कच्चे टोमॅटो सरळ मिक्सरमधून काढणे ही अगदी सर्रास होणारी चूक आहे. मिक्सरमध्ये त्यांत हवा मिसळते, रसाला फिकट गुलाबी रंग आणि वर फेस येतो, आणि मग लालपणा यावा म्हणून तिखटाची पूड वाढवली जाते. त्यापेक्षा टोमॅटो मधोमध कापून, कापलेली बाजू किसणीवर घासावी. गर खाली पडतो आणि साल हातात उरते. किंवा सालीवर फुलीसारखा छेद देऊन टोमॅटो उकळत्या पाण्यात अर्धा-एक मिनिट ठेवावेत, गार पाण्यात टाकावेत, साल सोलून बारीक चिरावेत.

टोमॅटो कांद्यात घातल्यावर झाकण ठेवू नये. पाणी उडून जायला हवे असते आणि झाकणाने ते परत खाली पडते. मध्यम आचेवर बारा ते पंधरा मिनिटांत रस जवळजवळ निम्मा होतो, कच्चट वास जातो, पळीने तळावर रेघ ओढली तर ती क्षणभर तशीच राहते आणि कडेने तेल सुटू लागते. तेल सुटणे ही खरी खूण आहे, घड्याळ नव्हे. तेलाचा हात फार आखडला तर ही खूण दिसतच नाही, आणि टोमॅटोचा लाल रंग ज्या लायकोपीनमुळे असतो ते तेलात विरघळणारे असल्याने रंगही खुलत नाही.

भांड्याचाही विचार करावा. बिडाची किंवा लोखंडी कढई इतर पुष्कळ पदार्थांना उत्तम असली तरी टोमॅटो तिच्यात अर्धा तास शिजला की लोखंडाची चव उतरते आणि रस काळपट पडतो. जर्मनच्या, म्हणजे ॲल्युमिनियमच्या, पातेल्यातही आम्लाची धातूशी प्रक्रिया होते. जाड बुडाचे स्टीलचे पसरट भांडे यासाठी सर्वांत योग्य, आणि पितळेचे वापरायचे असेल तर त्याची कल्हई शाबूत असल्याची खात्री करून घ्यावी.

चिकन

दुकानात ‘बोनलेस’ एवढेच सांगितले तर बहुधा ब्रेस्टचे तुकडे मिळतात. ब्रेस्टमध्ये चरबी आणि जोडऊती कमी असल्यामुळे ते थोडे जास्त शिजले की कोरडे पडते. रसात मुरवायच्या पदार्थाला मांडीचे मांस हवे, म्हणून ‘लेग बोनलेस’ असे स्पष्ट सांगावे. त्यातल्या जोडऊती शिजताना विरघळून रसाला दाटपणा देतात आणि पाच मिनिटे इकडेतिकडे झाली तरी मांस बिघडत नाही. ब्रेस्टच हवे असेल तर ते मोठ्या तुकड्यांत परतून बाजूला काढावे आणि अगदी शेवटी आठ-दहा मिनिटांसाठी रसात सोडावे. येथे सांगितलेल्या वेळा ब्रॉयलर कोंबडीच्या आहेत. गावरान कोंबडी शिजायला तासाहून अधिक वेळ घेऊ शकते, आणि तेवढ्या वेळात या पदार्थातल्या भाज्यांचा लगदा होतो. गावरान चिकन झणझणीत रश्श्यासाठी ठेवलेले बरे.

चिकन नळाखाली खळखळून धुण्याची सवय आपल्या हाडीमांसी भिनलेली आहे, तरीही ती सोडावी असे मी आग्रहाने सांगेन. धुतल्याने मांसावरचे जंतू जात नाहीत. उडणाऱ्या शिंतोड्यांतून ते ओट्यावर, शेजारच्या कोथिंबिरीवर आणि ताटल्यांवर जातात. ब्रिटनच्या अन्नसुरक्षा यंत्रणेने २०१४ मध्ये कँपायलोबॅक्टर या जंतूच्या भीतीने लोकांना कच्चे चिकन धुऊ नका असे जाहीर आवाहन केले होते. जंतू मरतात ते शिजवल्याने; तुकड्याच्या मध्यभागी ७४ अंश सेल्सिअस तापमान पोचले पाहिजे. घरात तापमापक नसेल तर सर्वांत जाड तुकडा कापून पाहावा. आत गुलाबी मांस किंवा लालसर पाणी दिसले तर तो आणखी शिजवावा. हाडे किंवा रक्ताच्या गाठी लागलेल्या असतील आणि धुतल्याशिवाय मन मानतच नसेल, तर भांड्यात संथ पाणी घेऊन हलक्या हाताने धुवावे आणि नंतर सिंक, सुरी व हात साबणाने स्वच्छ करावेत. भाज्या आधी चिरून घ्याव्यात आणि चिकन शेवटी, म्हणजे एकच पाट असला तरी गोंधळ होत नाही.

मीठ चिकनला अर्धा तास आधी लावून ठेवावे. ते आत मुरते आणि मांसातले पाणी धरून ठेवायला मदत करते. कढईत घालण्यापूर्वी तुकडे टिपून कोरडे करावेत, तेल चांगले तापू द्यावे आणि ते दोन खेपांत परतावेत. सगळे एकदम घातले की कढई थंड पडते, चिकनला पाणी सुटते आणि ते परतले न जाता स्वतःच्याच पाण्यात उकडले जाते. परतताना तळाला जो तपकिरी थर धरतो तो घासून टाकू नये. त्याच भांड्यात कांदा घातला की त्याच्या ओलाव्याने तो सुटतो आणि पदार्थाची निम्मी चव तिथून येते.

चिकन बाहेर, कांदा, लसूण, टोमॅटो, मग आटलेल्या रसात चिकन आणि त्याचे सुटलेले पाणी, नंतर वाफवलेल्या भाज्या, शेवटी ढोबळी मिरची असा क्रम ठेवला तर मांडीचे तुकडे रसात वीस मिनिटांत शिजतात. या वेळी आच मंद असावी आणि झाकण अर्धवट ठेवावे. पाणी लागलेच तर ते गरम घालावे. कुकरच्या शिट्ट्या येथे कामाच्या नाहीत, कारण कुकरमध्ये पाणी आटत नाही आणि चिकन तपासताही येत नाही.

वासासाठी इटालियन पद्धतीची बेसिलची पाने हवी असतील तर त्याऐवजी तुळस घालू नये. तिचा लवंगेसारखा तिखट गंध टोमॅटोवर मात करतो. ज्या रोपाच्या बिया आपण सब्जा म्हणून सरबतात घालतो ते बेसिलच्याच जातीचे आहे, आणि कुंडीत ते असेल तर त्याची पाने आच बंद केल्यावर हाताने तोडून घालावीत. साधी कोथिंबीरही चांगली लागते.

बिघडल्यावर

रस फार आंबट झाला असेल तर आधी तो आणखी पाच मिनिटे आटवून चाखावा, कारण पुष्कळदा आंबटपणा नसून कच्चेपणाच जाणवत असतो. तरीही आंबट लागला तर चिंचोक्याएवढा गूळ पुरतो. खायच्या सोड्याने आम्ल मारता येते, पण जरा जास्त पडला की साबणासारखी चव येते, म्हणून मी तो वापरत नाही. दूध किंवा दही घालून सावरायला जाऊ नये. उकळत्या आंबट रसात ते फाटते. साय घालायचीच असेल तर ती फेटून, आच बंद करून घालावी.

मीठ जास्त झाल्यावर कच्चा बटाटा टाकण्याचा उपाय सगळीकडे सांगितला जातो. बटाटा केवळ मीठ शोषून घेत नाही, तो खारट पाणीच शोषतो. उरलेल्या रसाचा खारटपणा तेवढाच राहतो. बिनमिठाचा आणखी एखादा टोमॅटो वेगळा शिजवून मिसळणे हाच खरा इलाज आहे. रस पातळ राहिला तर चिकन आणि भाज्या झाऱ्याने बाहेर काढून नुसता रस मोठ्या आचेवर आटवावा. कॉर्नफ्लोअरने दाटपणा येतो, पण टोमॅटोची चव दबते. तळाला करपल्याचा वास आला तर खरवडू नये, वरचे सगळे हलकेच दुसऱ्या भांड्यात ओतून घ्यावे. गाजर कच्चे राहिल्याचे शेवटी लक्षात आले, तर फक्त गाजराचे तुकडे वेचून साध्या पाण्यात शिजवून परत घालावेत. त्यांच्यासाठी चिकनला शिक्षा देऊ नये. ब्रेस्ट कोरडे झालेच असेल तर त्याचे हाताने बारीक धागे करून रसात कालवावेत. पावाबरोबर तो प्रकार चांगला लागतो.

हा पदार्थ दुसऱ्या दिवशी अधिक मुरतो, म्हणून थोडा जास्त करण्याचा मोह होतो. मात्र उरलेले दोन तासांच्या आत, आणि एप्रिल-मेच्या उकाड्यात तासाभरातच, उथळ डब्यात काढून फ्रिजमध्ये ठेवावे. ते दोन दिवसांत संपवावे आणि प्रत्येक वेळी लागेल तेवढेच वेगळे काढून, खदखदून उकळी येईपर्यंत गरम करावे.