इमर्जन्सीत लहान मूल आलं की नर्सेसनी या चुका टाळा

एखादं पोर गळा काढून रडत आलं की सगळा स्टाफ तिकडे धावतो आणि आईच्या खांद्यावर मान टाकून गप्प पडलेलं दुसरं तसंच बाकावर राहतं. नवीन होते तेव्हा मीपण हेच केलंय, म्हणून ही चूक पहिली. जोरात रडणाऱ्याचा श्वास तरी चालू असतो हो, जे सुई टोचली तरी हात ओढून घेत नाही त्याची काळजी करायची. हात लावायच्या आधी थोडं लांबूनच बघा, नजर देतंय का, श्वास घेताना बरगड्यांमध्ये खड्डे पडतायत का, नाकपुड्या फुलतायत का, अंग पांढरं पडलंय का. आणि इतका वेळ धापा टाकणारं मूल अचानक शांत झालं तर "चला, उतार पडला" म्हणून पुढे जाऊ नका, ते थकलेलं असू शकतं, तेव्हाच डॉक्टरांना हाक मारा.

मग बीपी. "बीपी नॉर्मल आहे" म्हणून निवांत होणं ही तर मोठी माणसं सांभाळून आलेल्यांची हमखास चूक. मुलांच्या रक्तवाहिन्या आवळतात, हार्ट रेट वाढतो आणि बीपी बराच वेळ टिकून राहतं, मग एकदम कोसळतं. १ ते १० वर्षांपर्यंत वरचं बीपी ७० अधिक वयाची दुप्पट याच्या खाली गेलं तर लो, म्हणजे ४ वर्षांच्या मुलाला ७८ च्या खाली. पण त्याची वाट बघत बसलात तर उशीर झालाच समजा, त्याआधीच हातपाय गार लागतात, नख दाबून सोडलं की रंग परत यायला २ सेकंदांपेक्षा जास्त लागतात, लघवी कमी होते. बीपीच्या पट्ट्याचं, म्हणजे कफचं माप पण बघा, छोटा कफ बीपी खोटंच जास्त दाखवतो. आणि हार्ट रेट कमी कमी होत चालला असेल तर मुलांमध्ये बहुतेक वेळा ऑक्सिजन कमी पडतोय असं असतं, आधी श्वासाकडे बघा, बॅग-मास्क (हाताने दाबून श्वास द्यायचं साधन) हाताशी ठेवा.

वजन. अंदाजे १२ किलो असेल, असं कुणीतरी म्हणतं आणि पुढचे सगळे डोस त्यावरच निघतात! काट्यावर ठेवता येत असेल तर ठेवाच, नाहीतर उंचीवरून वजन सांगणारी टेप वापरा आणि किलोतच लिहा. ॲड्रेनलिनचंच घ्या, १० किलोच्या मुलाला ॲनाफिलॅक्सिसमध्ये (जिवावर बेतणारी ॲलर्जी) मांडीच्या स्नायूत ०.१ मिलिग्रॅम, म्हणजे १:१००० च्या (१ मिलीत १ मिलिग्रॅम) ॲम्प्युलमधून फक्त ०.१ मिली. हार्ट बंद पडलं तर डोस तोच ०.१ मिलिग्रॅम, पण शिरेतून आणि १:१०,००० चं (दहापट पातळ), म्हणजे १ मिली. एका शून्याचा गोंधळ झाला की दहापट औषध गेलं, म्हणून अशा औषधाचा हिशोब दुसऱ्या सिस्टरकडून स्वतंत्र करून घ्या, आपण काढलेला आकडा दाखवून "बरोबर ना गं?" विचारलं तर ती पण हो म्हणणार. पॅरासिटामॉल देण्याआधी घरी कधी आणि किती दिलंय तेही विचारा, सिरपच्या स्ट्रेंथ वेगवेगळ्या असतात, नुसतं "एक चमचा दिला" यावरून काहीच कळत नाही.

सॅच्युरेशन (रक्तातलं ऑक्सिजनचं प्रमाण) ८४ टक्के दाखवलं तर घाबरायच्या आधी मुलाकडे बघा आणि प्रोबमधला (बोटाला किंवा पायाला लावायचा सेन्सर) पल्स मॉनिटरवरच्या हार्ट रेटशी जुळतो का ते बघा, जुळत नसेल तर पाय गार असेल किंवा प्रोब मोठ्यांचा लावला असेल. पण मूल निळसर दिसत असेल तर प्रोब नंतर, ऑक्सिजन आधी.

बाळाचा श्वास १५ सेकंद मोजून चारने गुणू नका, बाळं मध्येच थांबून श्वास घेतात, पूर्ण ६० सेकंद मोजा.

लाळ गळतेय, पुढे वाकून बसलंय, घशातून आवाज येतोय अशा मुलाला झोपवू नका आणि घशात चमचा घालून तर अजिबात बघू नका, आईच्या मांडीवर आहे तसंच राहू दे आणि सीनियरला बोलवा.

झटके येत असतील किंवा मूल सुस्त असेल तर शुगर बघायची राहून जाते, ती लगेच बघा. तोंडात काही घालायचं नाही, कुशीवर वळवायचं.

आणि आईबाबांना बाहेर काढायची घाई कशाला? "हा रोजच्यासारखा नाहीये" असं आई म्हणाली तर आकडे सगळे बरे असले तरी तिचे शब्द जसेच्या तसे नोट्समध्ये लिहा आणि १५ मिनिटांनी मुलाला परत बघा.