प्लेस्टेशनचा बायॉस: पडदा काळाच राहतोय? या चुका टाळा

कॉम्प्युटरवर प्लेस्टेशनचा जुना गेम उघडला आणि पडदा काळाच राहिला, की बहुतेक जण व्हिडिओच्या सेटिंग्ज खालीवर करत बसतात. मीही माझ्या लिनक्स लॅपटॉपवर एक अख्खी संध्याकाळ त्यात घालवली. दोष निघाला बायॉसच्या फाइलच्या नावात. रेट्रोआर्क या जुने गेम चालवणाऱ्या सॉफ्टवेअरमधला बीटल पीएसएक्स हा कोअर, म्हणजे प्लेस्टेशनची नक्कल करणारा भाग, 'एससीपीएच५५०१ डॉट बिन' हे नाव इंग्रजी लहान अक्षरांत शोधत होता आणि माझ्या फाइलवर होती कॅपिटल अक्षरं. विंडोजवर हे खपून जातं, लिनक्सवर नाही.

बायॉस म्हणजे गेम नव्हे. १९९४ साली जपानमध्ये आलेल्या पहिल्या प्लेस्टेशनच्या चिपवरचा तो मूळ प्रोग्रॅम. म्हणून ही फाइल गेमच्या फोल्डरमध्ये टाकू नका. रेट्रोआर्कच्या सिस्टिम फोल्डरमध्ये थेट ठेवा, आत आणखी एखादा फोल्डर करून नको. झिपही सोडवून ठेवा. निओ जिओ या दुसऱ्या गेमयंत्राचं मात्र उलट आहे, तिथे झिप तशीच लागते.

एकच फाइल सगळ्या डिस्कना पुरेल, असं बीटल पीएसएक्समध्ये धरून चालू नका. नावात ५५०० असलेली फाइल जपानी डिस्कसाठी, ५५०१ अमेरिकन, ५५०२ युरोपियन. इथेच सर्वांत मोठी चूक होते: हाताशी असलेली १००१ या जुन्या मॉडेलची फाइल घ्यायची आणि तिला ५५०१ नाव द्यायचं. नाव बदललं तरी आतला प्रोग्रॅम जुनाच राहतो. साइझ बघूनही हे कळत नाही, कारण दोन्ही फाइली नेमक्या ५,२४,२८८ बाइटच्या, म्हणजे ५१२ केबीच्या. खात्री होते ती एमडी५ काढून, म्हणजे फाइलच्या आतल्या मजकुरावरून निघणारी ओळखखूण बघून. लिनक्सवर त्यासाठी एमडी५सम ही कमांड आहे, विंडोजवर सर्टयुटिल. खऱ्या ५५०१चा एमडी५ '४९०एफ६६६ई'ने सुरू होतो. पहिल्या आठ अक्षरांतच वेगळं काही दिसलं तर ती फाइल बाजूला काढा.

'दुसऱ्या कोअरवर चालतंय, म्हणजे फाइल बरोबर आहे,' हाही भ्रमच. पीसीएसएक्स रीआर्म्ड या प्लेस्टेशनच्याच दुसऱ्या कोअरला बायॉस मिळाला नाही तर तो स्वतःच त्याची नक्कल वापरतो. काही गेम त्यावर छान चालतात, काही मध्येच अडकतात, आणि आपण गेमच्या कॉपीला दोष देत बसतो. आधी रेट्रोआर्कमधलं कोअर इन्फर्मेशन उघडा. कुठली फाइल सापडली आणि कुठली नाही, हे तिथे नावानिशी लिहिलेलं असतं.

कार्ट्रिजवाल्या मेगा ड्राइव्हला किंवा सुपर निन्टेन्डोच्या बहुतेक गेमना बायॉस लागतच नाही. तो शोधण्यात वेळ घालवू नका.

आणि कुठूनही 'सगळ्या बायॉसचा पॅक' उतरवू नका. या प्रोग्रॅमवर कॉपीराइट आहे, शिवाय अशा पॅकमध्ये नावं बदललेल्या फाइली सर्रास सापडतात. माळ्यावर जुना प्लेस्टेशन असेल तर त्याच्यातूनच बायॉस काढून घ्या. लेबलवरचा मॉडेल नंबर आधी वाचा, म्हणजे हाती कुठल्या भागाचा बायॉस येणार ते कळेल.