मंत्रचळ असताना घरातल्या वस्तू कशा निवडाव्यात आणि कशा वापराव्यात

ओसीडी, म्हणजेच मंत्रचळ (धास्तीपायी त्याच त्या कृती पुन्हा पुन्हा करायला लावणारा मनोविकार) असलेल्या माणसाने घर देखणे करायला घेतले की पेच पडतो. फळीवरचा डबा आपण शोभेसाठी सरळ करतो आहोत, की तो वाकडा राहिला तर काही अघटित घडेल या धास्तीने, हे त्याचे त्यालाच उमगत नाही. टापटिपीची आवड असलेला माणूस डबा सरळ करून दुसऱ्या कामाला लागतो; मंत्रचळात सुटका क्षणभराची असते आणि हात पुन्हा डब्याकडे जातो.

म्हणून एकसारख्या डब्यांचा संच घेऊ नये, कारण ती रांग म्हणजे चिंतेला आयते आमंत्रण असते. त्याऐवजी एक साधा तांब्या घ्यावा. चार्ल्स आणि रे ईम्स या अमेरिकी दांपत्याने १९५८ साली भारत सरकारला दिलेल्या अहवालात याच रोजच्या भांड्याचे मनापासून कौतुक केले होते. पाणी किती मावते, हाताला आणि कमरेला ते कसे पेलते, धार कशी पडते, अशा प्रश्नांतून आणि पिढ्यानपिढ्यांच्या वापरातून त्याचा घाट ठरत गेला, असे त्यांचे निरीक्षण होते. स्टीलचा तांब्या स्वस्तात मिळतो, जुन्या बाजारातला पोचा पडलेला त्याहून स्वस्त. ऐपत असेल तर पुण्याच्या तांबट आळीतले तांबे या धातूचे, मठारलेले भांडे पाहावे. हातोडीच्या ज्या ठोक्यांनी पत्रा बळकट होतो, त्यांचेच ठसे भांड्याला शोभा आणतात, आणि ते एकमेकांशी तंतोतंत जुळत नाहीत. दहा मिनिटांत निवड करावी आणि नंतर बदलून आणू नये.

घरी तो तांब्या फळीवर मुद्दाम थोडा तिरका ठेवावा. अस्वस्थता ० ते १०० पैकी किती आहे ते वहीत लिहावे आणि हात न लावता इतर कामे करावीत. मनातल्या मनात आकडे मोजणे किंवा नामस्मरणाने भीती मारणे हीसुद्धा सक्तीच आहे, म्हणजे धास्ती शमवण्यासाठी करावीच लागणारी कृती; तीही टाळावी. अस्वस्थता बहुधा आपोआप ओसरते. नाही ओसरली तरी ती सोसता येते, हे कळणे महत्त्वाचे. हा सराव रोज करावा. घासण्याचेही असेच: चिंच-मीठ लावून आठवड्यातून एकदाच घासावे आणि काळा डाग उरला तरी थांबावे.

ही पद्धत मानसोपचारातल्या एका मान्य उपचाराचे छोटे रूप आहे. दिवसाचे तास सक्तीत जात असतील, किंवा स्वतःला अथवा दुसऱ्याला इजा होईल असे विचार छळत असतील, तर एकट्याने प्रयोग करू नयेत. मनोविकारतज्ज्ञांकडे जावे; औषधांचाही उपयोग होतो. सरकारची टेलिमानस सेवा १४४१६ या क्रमांकावर विनामूल्य आहे.

घरच्यांनी येताजाता तांब्या सरळ करून देऊ नये. ‘सगळं ठीक आहे ना?’ या प्रश्नाला दहाव्यांदा ‘हो’ म्हणण्याऐवजी, ‘आत्ता तुला फार अस्वस्थ वाटतंय, मी इथेच बसते’ एवढेच म्हणावे आणि खरोखरच बसावे.