मनोरीत राहायला येताय?

मुंबईत मालाडच्या मार्वेहून बोटीत बसलं की काही मिनिटांत मनोरी. म्हणून लोक याला मालाडचाच भाग समजून घर घेतात. शेवटची बोट चुकली की भाईंदर-उत्तनचा वळसा पडतो, तेव्हा कळतं आपण बेटावर आलोय.

मी 2006 साली साताऱ्याहून आले. खिडकीसमोर शेजारच्या मावशींची वलांडी, म्हणजे बोंबील वाळवायचा बांबूंचा मांडव होता. दोन बोंबलांचे जबडे एकमेकांत अडकवून जोड्या बांबूवर टाकलेल्या. त्या वासाने मला घास जाईना. मावशींशी एक शब्द न बोलता मी थेट पालिकेत तक्रार केली. माणूस बघून गेला, वलांडी तिथेच राहिली, आणि दुसऱ्या दिवसापासून गाव माझ्याशी बोलेनासं झालं. दुकानात सामान मिळायचं, पण कुणी मान वर करायचं नाही. लेकाला ताप होता, त्याला कडेवर घेऊन जेट्टीवर उभी होते, तर एरवी जागा करून देणाऱ्या बायका पाठ फिरवून बसल्या. आठ महिने असे काढले.

शेवटी मावशींच्या अंगणात जाऊन माफी मागितली. त्यांनी काही न बोलता पाट सरकवला, जवळ्याची पाटी पुढे केली. मी निवडत बसले. बोंबलात पाणी फार, लगेच वाळत घातला नाही तर नासतो, आणि पावसाळ्यात मासेमारी बंद असते तेव्हा या सुक्या मासळीचाच आधार, हे त्या दुपारी मला समजलं.

म्हणून हात जोडून सांगते, तक्रार आधी ओट्यावर बोला.

तापलेल्या पोराकडे पाठ फिरवणं मात्र चूकच होतं. मी ते त्यांना तोंडावर सांगितलंय. सगळ्यांनी एकाच सुरात बोलावं असा इथे दबाव असतो. वर्गणी द्या, मयताला जा, देवळाच्या नि चर्चच्या सणाला जा. पण अमक्याशी बोलू नका असं कुणी सांगितलं तर ऐकू नका. सामाजिक बहिष्काराविरुद्ध महाराष्ट्रात 2016 चा कायदा आहे.

आपल्यासारखे बाहेरून आलेले काही जण उंच कुंपण घालून आपसातच बसतात आणि गावाला माणूसघाणं म्हणतात. त्यांच्यात अडकू नका.

पाण्याची वेळ, गॅस, शाळा हे सगळं घरमालकाला नाही, शेजारणीला विचारा.