साताऱ्यातनं स्नोबोर्डिंग शिकायला जाताय? मग पहिले चार दिवस खालीच घालवा

ओळखीतली बरीच पोरं-पोरी आता थंडीत गुलमर्गला जायला लागलीत, परत आल्यावर फोटो असतात ते गोंडोलाच्या, म्हणजे तिथल्या केबल कारच्या, सगळ्यात वरच्या टप्प्याचे, पण बोर्डवर, म्हणजे दोन्ही पाय बांधून बर्फावरनं घसरायच्या त्या फळीवर, वळायला जमलं का विचारलं तर नाही म्हणतात. मला मनापासून वाटतं की हा खेळ आपल्याकडच्या धडधाकट माणसाला चार-पाच दिवसांत हाताला लागतो, अट एकच, बोर्डच्या दोन्ही कडांवर स्वतःला थांबवता येत नाही तोपर्यंत खालचा छोटा उतार सोडायचा नाही. खालचं सगळं त्यासाठीच लिहितोय.

आधी कधी जायचं ते. काश्मीरमध्ये २१ डिसेंबरपासनं चाळीस दिवस चिल्लई कलान, म्हणजे कडाक्याची थंडी, पण थंडी आहे म्हणजे बर्फ आहेच असं आता राहिलं नाही. जानेवारी २०२४ मध्ये गुलमर्ग जवळपास कोरडं होतं आणि २०२५ मध्ये तर खेलो इंडियाच्या हिवाळी स्पर्धेचा गुलमर्गचा टप्पा बर्फ कमी म्हणून पुढं ढकलून मार्चमध्ये घ्यावा लागला. त्यामुळं शक्यतो फेब्रुवारी धरा आणि बुकिंग असं करा की तारीख हलवता येईल. औलीला आणि मनालीजवळ सोलंगलाही बर्फ असतो, पण बोर्ड भाड्यानं मिळणं आणि शिकवणारा मिळणं गुलमर्गला सोपं जातं म्हणून मी तेच सांगतो. पुण्याहून विमानानं दिल्लीवरून श्रीनगर, नाहीतर पुण्यातनं झेलम एक्सप्रेसनं जम्मू, तिथनं कटऱ्याला जाऊन जून २०२५ पासनं सुरू झालेली श्रीनगरची वंदे भारत. श्रीनगरहून टनमर्गमार्गे गुलमर्ग साधारण पन्नास किलोमीटर, बर्फ पडला असेल तर टनमर्गच्या पुढं चाकांना साखळ्या लावलेलीच गाडी घ्यायची. आणि आपलं प्रीपेड सिम तिकडं चालत नाही, ग्रुपमध्ये एक-दोघांकडं तरी पोस्टपेड पाहिजे, हे निघायच्या आदल्या दिवशी कळून उपयोग नाही.

आता घरची तयारी, जी बहुतेक लोक करतच नाहीत. निदान दोन महिने आधी सुरू करा. स्नोबोर्डिंगमध्ये दिवसभर गुडघे वाकलेले असतात त्यामुळं मांड्यांची वाट लागते, आणि त्यासाठी आपल्याकडं यवतेश्वरचा घाट आहे की. सगळे चढ मारतात, तुम्ही उतारही मन लावून करा, छोटी पावलं टाकत, गुडघे सैल ठेवून, कारण उतरताना मांडीचा स्नायू ताणला जात असतानाच जोर लावतो आणि बोर्डवर ब्रेक मारताना त्याच जातीचं काम असतं. अजिंक्यताऱ्यावरनं पायवाटेनं उतरलात तरी चालेल. बरोबर भिंतीला पाठ लावून खुर्चीसारखं बसायचं, मांड्या थरथरेपर्यंत, रोज.

आणि दुसरी गोष्ट मला फार महत्त्वाची वाटते, पडायला शिका. सातारा-सांगलीत गावोगावी तालमी आहेत, वस्तादांना विचारून आठवड्यातनं दोन संध्याकाळी मॅटवर जावा. पैलवान पोरांना हनुवटी छातीला लावून पाठीवर गोल कसं पडायचं हे लहानपणापासनं येतं, ते तुम्हाला एका संध्याकाळी दाखवतील. मागं पडताना आधी खाली बसायचं, मग गोल होऊन पाठीवर जायचं, डोकं आपटू द्यायचं नाही, हात मागं टेकायचे नाहीत. पुढं पडताना आधी गुडघे, मग दोन्ही कोपरापासनं मनगटापर्यंतचे हात एकदम, मुठी बंद. एवढं अंगात बसलं की बर्फावर विचार करावा लागत नाही.

हे एवढं का सांगतोय तर नवख्या स्नोबोर्डरचं सगळ्यात जास्त मोडतं ते मनगट. स्कीमध्ये, म्हणजे दोन पायांना दोन वेगळ्या पट्ट्या असतात त्या खेळात, गुडघ्याला जास्त धोका, इथं मनगटाला. स्कीचं बाइंडिंग, म्हणजे बूट पट्टीला धरून ठेवणारी पकड, माणूस जोरात पडला की सुटतं, स्नोबोर्डचं सुटत नाही, दोन्ही पाय एकाच फळीला बांधलेले, पाऊल टाकून सावरायची सोयच नाही, मग माणूस आपोआप पंजे पुढं करतो. शर्मन पॉपेन नावाच्या गृहस्थानं १९६५ मध्ये अमेरिकेत मिशिगनला पोरींसाठी दोन स्की जोडून जे पहिलं खेळणं केलं, स्नर्फर म्हणायचे त्याला, त्याच्यावर पाय बांधलेलेच नव्हते. पाय घट्ट बांधायला लागल्यावरच बोर्ड खरं वळायला लागलं, जेक बर्टन कार्पेंटरनं १९७७ मध्ये व्हरमाँटमध्ये कंपनी काढली, १९९८ ला नागानोच्या ऑलिम्पिकमध्ये खेळ पोचला. ताबा आला पण पडायची पद्धत बदलावी लागली, म्हणून मनगटाचे गार्ड घ्याच. स्केटिंगवाल्यांचे पण चालतात, ग्लोव्हजच्या आत बसतात का ते घरीच घालून बघा.

खर्च कुठं करायचा याचा माझा क्रम असा, शिकवणारा, बूट, हेल्मेट, गॉगल, कपडे आणि सगळ्यात शेवटी बोर्ड. बोर्ड भाड्यानंच घ्या. हेल्मेट मात्र बर्फाचंच पाहिजे, आत ईएन १०७७ किंवा एएसटीएम एफ २०४० असं छापलेलं असतं, मोटारसायकलचं हेल्मेट घालून जाऊ नका, ते जड असतं आणि त्यात ऐकू पण येत नाही. गॉगलचं असं की ताजा बर्फ ऐंशी टक्क्यांपर्यंत अतिनील किरणं परत फेकतो आणि उंची वाढेल तशी ती आणखी वाढतात, ढगाळ असलं तरी डोळे भाजतात आणि संध्याकाळी वाळू गेल्यासारखे चुरचुरतात. सनस्क्रीन नाकाच्या खालून आणि हनुवटीच्या खालूनपण लावा, ऊन तिथं खालनं येतं. कपड्यात कॉटन अजिबात नको, जीन्स तर नकोच, आत थर्मल, मध्ये फ्लीस, वर वॉटरप्रूफ जॅकेट-पँट. पावसाळी ट्रेकचा रेनकोट चालेल का असं खूप जण विचारतात, तर नाही, आतला घाम बाहेर जात नाही आणि मग थांबलं की गारठता. पुण्यात डेकॅथलॉनला बर्फाचे कपडे बघून अंगावर घालून घेता येतात.

बूट हा विषय लोक दोन मिनिटांत उरकतात, तिथं अर्धा तास द्या. मोजे एकच जोडी, पातळ आणि लांब, दोन घातले की घड्या पडतात आणि पाय उलट गार पडतो. उभं राहिल्यावर बोटं पुढं हलकी टेकली पाहिजेत, गुडघे वाकवले की थोडी मागं सरकली पाहिजेत. मग गुडघे वाकवून टाचेवर लक्ष द्या, टाच बुटात वर उचलली जात असेल तर एक नंबर लहान मागा, दुकानदार काहीही म्हणू दे. टाच उचलली की तुम्ही पाय वळवता आणि बोर्ड वळतच नाही, आणि माणसाला वाटतं आपल्यालाच जमत नाही. घालून दहा मिनिटं दुकानात फिरा.

भाड्याचं बोर्ड घेताना बाइंडिंगचे स्क्रू हातानं हलतात का बघा, पट्ट्यांचे दाते नीट अडकतात का, लोखंडी कड कुठं उखडलीय का, खालचा तळ खरवडलेला आहे का. लांबी हनुवटी ते नाक यांच्यामध्ये, पण खरं वजनावर ठरतं, साधारण ६५ किलोला १५० ते १५५ सेंटिमीटर, नवीन असाल तर थोडं लहान आणि मऊ. पाय मोठा असेल तर रुंद बोर्ड मागा नाहीतर बोटं बर्फाला घासतात. पुढं कुठला पाय ठेवायचा हे घरीच ठरवा, मोजे घालून फरशीवर पळत येऊन घसरा, जो पाय आपोआप पुढं जातो तो पुढचा. डावा पुढं असला तर रेग्युलर, उजवा असला तर गूफी, दोन्हीत चांगलं-वाईट काही नाही. बाइंडिंग पुढचं बाहेरच्या बाजूला १५ अंश, मागचं उलट बाजूला ९ च्या आसपास, दोन पायांत खांद्यापेक्षा किंचित जास्त अंतर. हे सांगून करून घ्या, आधीच्या गिऱ्हाइकाचं तसंच ठेवून देतात.

शिकवणारा टुरिझम खात्याकडं नोंदणी असलेला घ्या आणि त्याला आधीच विचारा की तू स्नोबोर्ड शिकवतोस का फक्त स्की. सरकारी संस्थांचे, म्हणजे गुलमर्गच्या इंडियन इन्स्टिट्यूट ऑफ स्कीइंग अँड माउंटेनिअरिंगसारख्यांचे कोर्स स्वस्त आणि शिस्तीचे असतात, तिथंही स्नोबोर्डची बॅच आहे का ते फोन करून विचारा. आणि घरात कोणी फौजेतलं असेल, आपल्या जिल्ह्यात अपशिंगे मिलिटरीसारखं गावच आहे, तर त्यांच्याशी आधी बोला, थंडीत हातपाय कसे जपायचे हे बर्फात ड्युटी केलेल्या माणसाइतकं कोणी सांगू शकत नाही. लष्कराचं हाय अल्टिट्यूड वॉरफेअर स्कूल पण गुलमर्गलाच आहे.

पहिला दिवस. गुलमर्ग साधारण २६५० मीटरवर, महाबळेश्वरच्या जवळपास दुप्पट उंची, त्यामुळं पोचल्याच्या दिवशी काही करू नका, पाणी प्या, झोपा. दुसऱ्या दिवशी सपाट जागेवर फक्त पुढचा पाय बांधून मागच्या पायानं ढकलत चाला, तासभर. मग छोट्या उतारावर जरा वर जाऊन उताराकडं तोंड करून बसा, दोन्ही पाय बांधा, टाचेकडची कड बर्फात रोवा आणि उभं राहा. आता तुम्ही उताराला आडवे आहात, गुडघे वाकलेले, पाठ सरळ, नजर समोर, पायाकडं नाही. पायाची बोटं एकदम थोडी खाली सोडा, बोर्ड हळूहळू खाली घसरायला लागतं, बोटं वर घ्या, थांबतं. मोटारसायकलचा क्लच सोडतो तसं थोडं थोडं. बोटं पूर्ण खाली गेली की खालच्या बाजूची कड बर्फात अडकते आणि डोळ्याचं पातं लवायच्या आत तोंडावर आपटता, नवीन माणसाच्या जोरातल्या पडण्यातली बरीचशी अशीच. म्हणून एकच गोष्ट डोक्यात ठेवा, उताराच्या खालच्या बाजूची कड कायम उचललेली. गंमत म्हणजे सपाटीला कड अडकायचा धोका जास्त, बोर्ड तिथं चपटं पडतं आणि माणूस निवांत होतो.

हे जमलं की नजर आणि खांदा डावीकडं न्या, वजन डाव्या पायावर, बोर्ड तिरकं डावीकडं जातं, थांबा, मग उजवीकडं. पान गळताना जातं तसं म्हणून याला फॉलिंग लीफच म्हणतात. मग हेच सगळं उलट तोंड करून, डोंगराकडं बघत, बोटांच्या कडेवर, नडगी बुटाच्या जिभेवर दाबलेली, गुडघे बर्फाकडं, कंबर पुढं. ही बाजू बहुतेकांना नको वाटते कारण खालचं दिसत नाही, आणि टाचेच्या बाजूवर आरामात उतरता येतं म्हणून लोक ती सोडूनच देतात. सोडू नका, एक अख्खा दिवस तिला द्या. दोन्ही कडांवर सांगाल तिथं थांबता आलं की वळण म्हणजे एका कडेवरनं दुसरीवर जाणं, पहिल्यांदा पुढचा खांदा उताराकडं फिरवा, बोर्ड क्षणभर सरळ खाली जाईल, घाबरून मागं झुकू नका, वजन पुढच्या पायावरच ठेवा, मग ते फिरतं.

खालच्या उतारावर ओढायची लिफ्ट असते, स्नोबोर्डवाल्यांना ती सुरुवातीला छळते. मागचा पाय सोडायचा, लिफ्टच्या दोरीला लटकणारी थाळी पुढच्या मांडीच्या मागं घ्यायची, तिच्यावर बसायचं नाही, तिला ओढू द्यायचं. पडलात तर पटकन बाजूला लोळत जा, मागनं दुसरा येत असतो. खालच्या भागात स्लेजवाले, चालणारे टुरिस्ट, लहान पोरं सगळी एकाच जागेत असतात, म्हणून आंतरराष्ट्रीय स्की महासंघाच्या दहा नियमांतले दोन तरी पाळाच, पुढं म्हणजे खाली जो आहे त्याचा हक्क पहिला, आणि थांबायचं ते कडेला, मध्ये बसून व्हिडिओ काढायचा नाही.

वरच्या टप्प्याबद्दल मला स्पष्ट सांगायचंय. गोंडोलाचा पहिला टप्पा कोंगडोरीला, दुसरा अफरवटला जवळपास ३९५० मीटरवर. वर गोंडोलाखालचा ठराविक भाग सोडला तर बाकी डोंगर कोणी सुरक्षित करून ठेवलेला नसतो, तिथं हिमस्खलन होतं. फेब्रुवारी २०२४ मध्ये तिथल्या स्खलनात एक रशियन स्कीअर गेला, बाकीच्यांना काढावं लागलं. ट्रान्सीव्हर (बर्फाखाली गाडलेल्याचा सिग्नल पकडणारं यंत्र), प्रोब (बर्फात खुपसून शोधायची लांब काठी), फावडं, ते वापरायचं शिक्षण आणि जाणकार गाइड हे सगळं असल्याशिवाय सुरक्षित भागाच्या हद्दीवरच्या दोरीच्या पलीकडं एक पाऊल नाही. बघायला जायचं असेल तर बोर्ड खाली ठेवून जा, तिकीट केबल कार कॉर्पोरेशनच्या साइटवर आधी काढा, डोकं दुखायला किंवा मळमळायला लागलं तर लगेच खाली या.

विमा काढताना विंटर स्पोर्ट्स त्यात आहेत का ते वाचा, बऱ्याच पॉलिसीत नसतात. आणि परत आल्यावर घोट्याच्या बाहेरच्या बाजूला खाली दुखत राहिलं तर मुरगळलंय म्हणून मालिश करत बसू नका. टॅलस नावाच्या हाडाचा एक कोपरा या खेळात मोडतो, डॉक्टर लोक त्याला स्नोबोर्डर्स फ्रॅक्चरच म्हणतात, साध्या एक्सरेत तो निसटू शकतो. मिरजेला हाडांचे चांगले डॉक्टर आहेत, त्यांना पहिल्या वाक्यात सांगा की स्नोबोर्डवर पडलोय, सीटी स्कॅन लागेल का ते विचारा.

स्वतःचं बोर्ड दुसऱ्या सीझनला बघा, दोन्ही बाजूंनी वळायला लागल्यावर. बूट आवडला असेल तर तो मात्र पहिल्यांदाच घेतला तरी हरकत नाही, फक्त घरी आल्यावर आतलं लायनर काढून सावलीत पूर्ण वाळवा आणि मगच पिशवीत भरा, आपल्या पावसाळ्यात ओला ठेवलेला बूट बुरशीनं जातो.