अणुस्फोट झाल्यावर पहिले 24 तास

प्रचंड लखलखाट दिसला तर तिकडे पाहू नका. जमिनीवर पालथे पडा, चेहरा आणि हात अंगाखाली घ्या. धक्क्याची लाट प्रकाशानंतर येते, किलोमीटरमागे साधारण 3 सेकंदांनी. काय झालं ते पाहायला खिडकीशी धावणारे नेमके तेव्हाच काचांनी जखमी होतात.

लाट ओसरली की पक्क्या इमारतीत शिरा. किरणोत्सारी धूळ खाली यायला बहुधा 10-15 मिनिटं तरी लागतात; तेवढाच वेळ हाती असतो. तळघर उत्तम. ते नसेल तर मधल्या मजल्यावरची, बाहेरच्या भिंतींपासून दूरची खोली. धूळ गच्चीवर आणि अंगणात साचते, म्हणून सर्वांत वरचा मजला आणि तळमजला टाळा. पत्र्याचं घर किंवा मोटार जवळजवळ निरुपयोगी.

बाहेरून आला असाल तर वरचे कपडे हलकेच उतरवून पिशवीत बांधा, लांब ठेवा. एवढ्यानेच 90 टक्क्यांपर्यंत धूळ जाते. साबणाने अंघोळ करा, कातडी खरवडू नका. शाम्पू चालेल, कंडिशनर नको. त्याने कण केसांना चिकटून राहतात.

आता थांबा. वेळ सातपट झाली की किरणोत्सार सुमारे दहापट घटतो: पहिल्या तासाला 100 असेल तर 7 तासांनी 10, 49 तासांनी 1. मुलांना आणायला लगेच निघणं हीच सर्वांत घातक चूक. शाळेची पक्की इमारत त्यांना रस्त्यापेक्षा सुरक्षित ठेवते.

आयोडीनच्या गोळ्या फक्त थायरॉइड वाचवतात, तेही सांगितल्यावरच घ्यायच्या. बॅटरीवरचा रेडिओ मात्र हवाच.